शेजारच्या टेबलावरचा पगार



ज्या कार्यकर्तीच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांनी आयुष्यभर युनियनच्या कचेरीत बसून कामगारांचे अर्ज लिहून दिले. भाषणं करणारे पुष्कळ असतात, पण अर्ज नीट लिहून देणारं माणूस दुर्मीळ. म्हणून आज मी अर्जाबद्दलच बोलणार आहे. नोकरीत आपल्याला भेदभावाने वागवलं गेलं असं वाटलं तर तक्रार कुठे करायची, कशी करायची आणि ती तडीला कशी न्यायची, एवढाच माझा विषय.

पहिला प्रश्न असा, की कायद्याच्या नजरेत भेदभाव म्हणजे काय? आमच्याकडे येणारा माणूस बहुतेक वेळा म्हणतो, "साहेब माझ्याशी वाईट वागतात." वाईट वागणूक आणि भेदभाव या दोन निराळ्या गोष्टी आहेत. जो साहेब सगळ्यांवरच ओरडतो, तो वाईट वागतो. जो बायकांनाच रात्री उशिरा थांबवतो, बढतीच्या वेळी दिव्यांग माणसाचाच कागद बाजूला ठेवतो, एकाच कामाचे दोघांना दोन पगार देतो, तो भेदभाव करतो. भेदभावाच्या तक्रारीत आपण नेहमी दुसऱ्या कुणाकडे बोट दाखवून म्हणत असतो, की हे त्याला मिळालं आणि मला मिळालं नाही, आणि या फरकाला कामाचं कारण नाही. म्हणून भेदभावाचा प्रत्येक खटला हा तुलनेचा खटला असतो. तुलना टिकली तर खटला टिकतो. आज माझं सगळं म्हणणं या एका वाक्याभोवती आहे.

मुंबईतलंच एक प्रकरण घेऊ. मॅकिनन मॅकेन्झी या कंपनीत ऑड्री डिकॉस्टा स्टेनोग्राफर होत्या. वरिष्ठ अधिकाऱ्यांबरोबर काम करणाऱ्या महिलांना तिथे 'कॉन्फिडेन्शियल लेडी स्टेनोग्राफर' म्हणत. पुरुष स्टेनोग्राफर वेगळ्या हिशेबाने पगार घेत आणि या बायकांना कमी मिळे. १९७७ साली डिकॉस्टा यांची नोकरी गेली. त्यानंतर त्यांनी १९७६च्या समान वेतन कायद्याखाली अर्ज केला, की काम तेच असताना आम्हाला कमी पगार दिला, फरकाची रक्कम द्या.

पहिल्या अधिकाऱ्याने काम सारखंच असल्याचं मान्य केलं, तरी अर्ज फेटाळला. इथेच थांबल्या असत्या तर आज त्यांचं नाव कुणाला ठाऊक नसतं. त्यांनी अपील केलं आणि अपिलात त्या जिंकल्या. कंपनी उच्च न्यायालयात गेली, तिथे हरली. मग सर्वोच्च न्यायालयात गेली आणि १९८७ साली तिथेही हरली. कंपनीचे तीन मुद्दे लक्षात ठेवण्यासारखे आहेत, कारण ते आजही जसेच्या तसे ऐकायला मिळतात. एक, या बायकांचं काम वेगळं आहे. दोन, ही वेतनश्रेणी युनियनशी झालेल्या करारातूनच आलेली आहे. तीन, आमची आर्थिक परिस्थिती बरी नाही. न्यायालयाने तिन्ही नाकारले. काम तंतोतंत एक असण्याची गरज नाही, स्वरूपाने सारखं असलं की पुरे. कायद्याविरुद्धचा करार युनियनची सही असली तरी चालत नाही. आणि समान वेतन द्यायचं की नाही हे मालकाच्या ऐपतीवर ठरत नाही. थकबाकीची रक्कम होती ७००० रुपयांहून थोडी अधिक. तेवढ्यासाठी सुमारे १० वर्षं भांडण चाललं, पण त्या निकालाचा आजवर देशभरातल्या कामगारांनी आधार घेतला आहे.

आता दुसरी बाजू. एअर इंडियाच्या हवाई सुंदरींनी नर्गिस मिर्झा यांच्या नावाने दिलेला लढा १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाली काढला. पहिल्या गरोदरपणात नोकरी संपवणारा नियम न्यायालयाने रद्द केला आणि त्याची कडक शब्दांत निंदा केली. पण विमानात त्याच प्रवाशांची सेवा करणाऱ्या पुरुष कर्मचाऱ्यांशी त्यांनी केलेली तुलना न्यायालयाने मानली नाही. दोन्ही संवर्ग वेगळे, भरतीच्या आणि बढतीच्या अटी वेगळ्या, म्हणून तुलना नाही, असं म्हटलं. नोकरीच्या पहिल्या ४ वर्षांत लग्न करण्यावरची बंदी त्यामुळे कायम राहिली. त्या निकालावर पुष्कळ टीका झाली आणि ती रास्त आहे. पण तक्रार करणाऱ्याने त्यातून धडा घ्यायचा तो असा, की मालकाची पहिली चाल नेहमी 'ते वेगळे, तुम्ही वेगळे' हीच असते. हुद्द्याचं नाव बदलायचं, खातं बदलायचं, एकाला कायम आणि दुसऱ्याला कंत्राटी म्हणायचं, की तुलना मोडते. म्हणून अर्ज लिहिताना हुद्द्याचं नाव लिहून थांबू नका. दिवसभरात हाताने काय काय काम करता ते लिहा.

आता कुठल्या दारात जायचं ते सांगतो. २१ नोव्हेंबर २०२५पासून चार श्रमसंहिता लागू झाल्या आणि जुनी चौकट बदलली. १९७६चा समान वेतन कायदा आता २०१९च्या वेतन संहितेत सामावला आहे. या संहितेचं तिसरं कलम सांगतं, की सारख्या किंवा सारख्या स्वरूपाच्या कामासाठी लिंगावरून वेतनात भेद करता येणार नाही आणि भरतीतही करता येणार नाही. संहितेखालचा दावा त्यासाठी नेमलेल्या प्राधिकाऱ्याकडे ३ वर्षांच्या आत करता येतो. दावा स्वतः कामगार करू शकतो, त्याची नोंदणीकृत युनियनही करू शकते. पगार कमी दिल्याचा दावा असेल तर पूर्ण देणं दिलं हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर आहे. आणि या संहितेतली 'कर्मचारी' ही व्याख्या रुंद आहे, तिच्यात मॅनेजरही बसतात. हिंजवडीतल्या एखाद्या कंपनीत टीम सांभाळणाऱ्या बाईला औद्योगिक कायद्यात कामगार म्हणता येणार नाही कदाचित, पण पगारातल्या भेदभावाबद्दल दाद मागण्याचा हक्क तिला आहे.

२०२०च्या औद्योगिक संबंध संहितेनुसार २० किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनेत तक्रार निवारण समिती असलीच पाहिजे. तिच्यात मालकाचे आणि कामगारांचे प्रतिनिधी समान असतात. तक्रारीचं कारण घडल्यापासून १ वर्षाच्या आत तिच्याकडे अर्ज करायचा, तिने ३० दिवसांत काम संपवायचं. समाधान झालं नाही तर ६० दिवसांत युनियनमार्फत समेट अधिकाऱ्याकडे जाता येतं. तिथे तडजोड झाली नाही की औद्योगिक न्यायाधिकरण.

महाराष्ट्रातल्या कामगाराला १९७१च्या कायद्याची सवय आहे. अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा तो कायदा १९७५पासून अमलात आला आणि 'यूएलपी टाकली', म्हणजे अनुचित प्रथेची तक्रार केली, हा शब्दप्रयोग इथल्या प्रत्येक औद्योगिक वसाहतीत रूढ झाला. गुणवत्ता न पाहता एका गटावर मेहेरनजर करणं, वर्षानुवर्षं बदली किंवा तात्पुरता कामगार म्हणून ठेवून कायमपणाचे लाभ नाकारणं, युनियनमध्ये आहे म्हणून त्रास देणं, हे सगळं त्या कायद्याच्या परिशिष्टांत नाव घेऊन लिहिलेलं आहे. त्याखालच्या तक्रारीची मुदत ९० दिवसांची. पक्षपाताची प्रथा २०२०च्या औद्योगिक संबंध संहितेच्या परिशिष्टातही आहे. कुठल्या कलमाखाली जायचं हे अर्ज टाकण्यापूर्वी वकिलाकडून किंवा युनियनकडून त्या दिवशीच्या स्थितीप्रमाणे तपासून घ्या.

गरोदरपणाच्या किंवा बाळंतपणाच्या रजेच्या काळात कामावरून काढणं बेकायदा आहे. तरी काढलंच, तर ६० दिवसांत सक्षम प्राधिकाऱ्याकडे अपील करायचं. लैंगिक छळ हा स्त्रीच्या समानतेच्या हक्काचा भंग आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९७च्या विशाखा निकालात सांगितलं, आणि २०१३च्या कायद्याने १० किंवा अधिक माणसं असलेल्या प्रत्येक ठिकाणी अंतर्गत समिती बंधनकारक केली. घरकाम करणारी बाई असो की लहान दुकानातली, तिच्यासाठी जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. मुदत ३ महिन्यांची, सबळ कारण असेल तर आणखी ३ महिने. दिव्यांग कर्मचाऱ्याला २०१६च्या कायद्याचा आधार आहे. सरकारी आस्थापनेत तक्रार निवारण अधिकारी नेमलेला असतो, आणि राज्याच्या दिव्यांग आयुक्तांकडेही जाता येतं. सरकारी नोकराने मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, १ वर्षाच्या आत जावं. केंद्राच्या नोकरासाठी कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, आहे.

६० दिवस, ९० दिवस, ३ महिने, १ वर्ष, ३ वर्षं. एवढ्या मुदती लक्षात राहत नाहीत, म्हणून मी एकच सांगतो. घटना घडल्यापासून ६० दिवसांच्या आत पहिला लेखी अर्ज गेलाच पाहिजे, असं धरून चाला. मग यातल्या कुठल्याही दारात तुम्ही उशिरा पोचणार नाही. खरा अन्याय झालेली, पुरावा असलेली माणसं केवळ मुदत गेली म्हणून परत पाठवली जातात, हे मी कोर्टाच्या आवारात फार पाहिलं आहे. उशीर माफ होऊ शकतो, पण माफी मागत सुरुवात करावी लागते. साहेबांनी "बघू, पुढच्या महिन्यात करू" असं सांगितलं म्हणून थांबलो, हे कारण प्रत्येक जण देतो. साहेबांच्या तोंडी आश्वासनाने मुदत थांबत नाही.

आता अर्ज. एका औषध कंपनीच्या पॅकिंग खात्यात काम करणारी बाई डोळ्यांसमोर आणू. तिच्याबरोबर लागलेल्या पुरुषांना तिच्याहून जास्त पगार आहे. तिने एक कोरा कागद घ्यावा आणि त्यावर पाच रकाने आखावेत. पहिल्यात नाव. दुसऱ्यात कामावर लागल्याची तारीख. तिसऱ्यात शिक्षण आणि अनुभव. चौथ्यात प्रत्यक्ष काम: पट्ट्या तपासणं, खोक्यात भरणं, लेबल लावणं, पाळीच्या शेवटी रजिस्टर लिहिणं. पाचव्यात पगार. सर्वांत वर स्वतःचं नाव, खाली शेजारी काम करणाऱ्यांची. हा तक्ता भरून झाला की कुठल्याही अधिकाऱ्याला दोन मिनिटांत प्रकरण कळतं. खोकी उचलायची म्हणून पुरुषांना जास्त, असं कंपनी म्हणेल. तर खोकी कोण उचलतं, दिवसातून किती वेळा, आणि बायका उचलतात की नाही, हेही त्याच तक्त्यात लिहा. कंपनीचं म्हणणं येण्याआधीच त्याचं उत्तर तयार असलं पाहिजे.

अर्ज साध्या मराठीत लिहिला तरी चालतो. "माझ्यावर घोर अन्याय झाला आहे" हे वाक्य एकदा पुरे. बाकी सगळ्या ओळींत तारखा आणि माणसं हवीत: अमुक दिवशी, अमुक ठिकाणी, अमुक जण हजर असताना, हे शब्द बोलले गेले. शेवटी काय हवं आहे ते स्पष्ट मागा. फरकाची रक्कम, बढती, बदली रद्द, कामावर परत घेणं, जे असेल ते. मागितलं नाही ते सहसा मिळत नाही.

अर्जाच्या दोन प्रती करा. एक द्या, दुसरीवर आवक शिक्का, सही आणि तारीख घ्या. ही पोच म्हणजे तुमच्या खटल्याचं पहिलं पान. कंपनी पोच देत नसेल तर स्पीड पोस्टने पाठवा, पावती जपा आणि ईमेलही करा. पगाराच्या चिठ्ठ्या, नेमणुकीचं पत्र, पीएफचं पासबुक, पाळीचा तक्ता, ज्येष्ठता यादी, सगळ्याच्या प्रती घरी ठेवा, कंपनीच्या लॉकरमध्ये नको. व्हॉट्सअ‍ॅपवरचे निरोप पुरावा म्हणून चालतात, पण त्यासाठी कायद्याने ठरवलेलं प्रमाणपत्र द्यावं लागतं आणि मूळ फोन जपावा लागतो. म्हणून फोन विकू नका, निरोप पुसू नका. आणि सर्वांत महत्त्वाचं, केबिनमध्ये बोलावून पुढे केलेल्या राजीनाम्यावर सही करू नका. "घरी विचारून सांगते" म्हणायचं आणि बाहेर यायचं. राजीनामा दिला की तो दबावाखाली दिला हे सिद्ध करण्याचं ओझं तुमच्यावर येतं. फुल अँड फायनलचे पैसे घ्यावेच लागले तर 'हक्क राखून' असं हाताने लिहून सही करा.

आता आपल्या कायद्यातली उणीव. खाजगी कंपनीने जात किंवा धर्म पाहून नोकरी नाकारली तर थेट दाद मागता येईल, असा सर्वंकष कायदा आपल्या देशात नाही. संविधानाचं १६वं कलम सरकारी नोकरीला लागू आहे. अस्पृश्यतेच्या कारणावरून नोकरी नाकारणं १९५५च्या नागरी हक्क संरक्षण कायद्याने गुन्हा आहे, १९८९चा अत्याचार प्रतिबंधक कायदा आहे, आणि अनुसूचित जाती आयोगाकडे तक्रार करता येते. आयोगाला साक्षीदारांना बोलावण्याचे, कागद मागवण्याचे दिवाणी न्यायालयासारखे अधिकार आहेत. त्यांचा वापर करा. पण आडनाव ऐकून मुलाखत संपवली जाते, आणि "जागा भरली" एवढंच सांगितलं जातं, तेव्हा हे कायदे पुरे पडत नाहीत. अमेरिकेत १९६४च्या नागरी हक्क कायद्यानंतर भरतीतल्या भेदभावासाठी स्वतंत्र आयोग आहे. तिथे सामान्यतः १८० दिवसांत, आणि अनेक राज्यांत ३०० दिवसांत तक्रार नोंदवता येते. तिकडे नोकरीला असलेल्या आपल्या मुलाबाळांनीही ही मुदत लक्षात ठेवावी. आपल्याकडे खाजगी भरतीसाठी असा कायदा झालाच पाहिजे, ही मागणी कामगार संघटनांच्या मागणीपत्रात आली पाहिजे.

तक्रार केली तर नोकरी जाईल, नाव खराब होईल, ही भीती मी कमी लेखत नाही. १९९०च्या दशकात मुंबई उच्च न्यायालयात एका हंगामी मजुराने दावा आणला. एचआयव्ही तपासणीनंतर त्याचं नाव कामाच्या यादीतून काढलं होतं. न्यायालयाने त्याला स्वतःच्या नावाऐवजी 'एमएक्स' या अक्षरांनी दावा चालवू दिला. १९९७ साली निकाल आला, की माणूस काम करायला समर्थ असेल आणि इतरांना धोका नसेल तर केवळ एचआयव्ही आहे म्हणून काम नाकारता येणार नाही. तो हातावर पोट असलेला मजूर होता, तरी लढला. पुढे २०१७ साली हे तत्त्व संसदेच्या कायद्यात आलं.

पैशाची अडचण असेल तर विधी सेवा प्राधिकरण आहे. १९८७च्या त्या कायद्याच्या १२व्या कलमानुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १५१०० हा त्यांचा दूरध्वनी क्रमांक. युनियनच्या फलकावर तो मोठ्या अक्षरांत लिहिलेला असायला हवा.

शेवटी युनियनबद्दलच बोलायचं आहे, आणि मनापासून बोलायचं आहे. मुंबईच्या गिरण्यांत साचेखात्यात, म्हणजे विणकाम खात्यात, पगार जास्त होता, पण दलित कामगारांना तिथे प्रवेश नव्हता. धोट्यात नवी कांडी बसवली की धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे, आणि त्यांनी तोंड लावलेला धोटा इतर कामगारांना चालत नसे. १९२८च्या मोठ्या संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ही बंदी उठवण्याची मागणी संपाच्या मागण्यांत घालण्याचा आग्रह धरला. मालक म्हणाले, ही बंदी आमची नाही. ते खरं होतं. ती कामगारांनी कामगारांवर घातलेली होती. मॅकिनन मॅकेन्झीतल्या कमी पगाराच्या करारावरही युनियनची सही होती.

उलट उदाहरणही मुंबईचंच आहे. एका औषध कंपनीत लग्न झालं की बाईची नोकरी आपोआप संपे. तिथल्या बायकांना एकेकटीने कोर्टात जावं लागलं नाही, कारण बॉम्बे लेबर युनियनने ते प्रकरण स्वतःचं केलं. १९६५ साली सर्वोच्च न्यायालयाने तो नियम रद्द केला. न्यायालयासमोर संघटना उभी होती, म्हणून कुठल्याही एका मुलीला एकटं पाडता आलं नाही.

भेदभावाची तक्रार तुलनेवर उभी राहते, असं मी सुरुवातीला म्हटलं. ती तुलना करायला शेजारच्या टेबलावरच्या माणसाने आपल्या पगाराची चिठ्ठी दाखवावी लागते. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं राहून, "हो, आम्ही दोघं एकच काम करतो," असं त्याला सांगावं लागतं. ज्याला जास्त मिळतं त्याच्या साक्षीवर ज्याला कमी मिळतं त्याचा खटला जिंकला जातो. म्हणून पुढच्या सर्वसाधारण सभेत आपापल्या संघटनेत एक ठराव मांडा: भेदभावाची तक्रार करणाऱ्या सभासदाला पगाराचे कागद आणि साक्ष देणं हे प्रत्येक सभासदाचं कर्तव्य राहील, आणि असमान वेतनाच्या कुठल्याही करारावर ही संघटना सही करणार नाही. ठराव मंजूर झाला की इतिवृत्तात लिहून घ्या, तारखेसह. मग तुमच्यातली पहिली बाई अर्ज घेऊन साहेबांच्या केबिनकडे निघेल तेव्हा तिच्याबरोबर चार जण चालतील, आणि पोच मिळेपर्यंत तिथून हलणार नाहीत.